ऐकून घेणारी दिग्दर्शिका

पुण्यातील कर्वेनगराचे नाव घेतले की आमच्या डोळ्यांपुढे महर्षी कर्वे यांची हिंगण्याची झोपडी उभी राहते. १९०० साली ओसाड माळावर उभारलेल्या त्या झोपडीत विधवांच्या शिक्षणाची सोय झाली. त्याच परिसरातील कर्वे समाजसेवा संस्थेत पुढे एक प्राध्यापिका समाजकार्य शिकवीत असत. त्यांचे नाव सुमित्रा भावे. चित्रपट-दिग्दर्शिका म्हणून त्यांची कीर्ती नंतर झाली. परंतु त्या कलेचे बीज शिकवण्याच्या या वर्षांतच रुजले, असे आम्हांस वाटते.

१९४३ साली पुण्यात जन्मलेल्या सुमित्राताईंनी चित्रपटाचे रीतसर शिक्षण कधीच घेतले नव्हते. 'स्त्रीवाणी' या संशोधन-प्रकल्पासाठी त्या झोपडपट्टीतील स्त्रियांच्या जीवनकहाण्या ऐकत होत्या. आठ दलित स्त्रियांच्या अशा कहाण्यांचे 'पॅन ऑन फायर' हे इंग्रजी पुस्तक १९८८ साली येशूसंघीयांनी स्थापन केलेल्या इंडियन सोशल इन्स्टिट्यूटने प्रसिद्ध केले. मात्र ज्यांच्या कहाण्या, त्यांनाच वाचता येत नसेल तर ग्रंथाचा त्यांना काय उपयोग? या प्रश्नातून १९८५ साली 'बाई' हा लघुपट जन्मास आला आणि त्यास राष्ट्रीय पुरस्कार लाभला. त्या वेळी सुमित्राताईंनी चाळिशी ओलांडली होती.

सुनील सुकथनकर यांच्या साथीने त्यांनी पुढे डझनाहून अधिक चित्रपट, अनेक लघुपट आणि दूरचित्रवाणी मालिका निर्माण केल्या. विषय किती निरनिराळे! 'दोघी'मध्ये खेड्यातील दोन बहिणींची परवड, 'दहावी फ'मध्ये शाळेने 'ढ' ठरविलेली मुले, 'देवराई'मध्ये छिन्नमनस्कता, 'नितळ'मध्ये त्वचेवरील पांढरे डाग. या विविधतेमागे आम्हांस एकच वृत्ती दिसते. समाज ज्याच्याकडे पाठ फिरवितो, त्याच्याजवळ बसावे आणि त्याचे ऐकून घ्यावे.

'अस्तु' चित्रपटातील संस्कृत पंडिताची स्मृती लोपत चालली आहे. एके दिवशी रस्त्याने जाणाऱ्या हत्तीमागे तो भान हरपून चालू लागतो. लेक कासावीस होऊन त्यास शोधते आणि इकडे माहुताची कानडी बायको त्यास लेकरासारखे भरविते. चांगल्या शोमरोन्याच्या दाखल्यावर आम्ही अनेक प्रवचने ऐकली आहेत. पण तो दाखला इतक्या जवळून क्वचितच अनुभवला असेल. आमच्या घरातील एक वृद्ध आत्या शेवटी आम्हांस ओळखेनाशी झाली होती. नावे विसरली तरी हात हातात घेतल्यावर तिचा चेहरा उजळे. तो उजाळा कोठून येत असे, हे त्या माहुताच्या बायकोकडे पाहताना उमगले.

'कासव' या चित्रपटास २०१६ सालचे सुवर्णकमळ मिळाले. जीव देऊ पाहणाऱ्या एका तरुणास जानकी आपल्या घरी आणते. प्रश्नांचा भडिमार नाही, उपदेश नाही. कवचात शिरलेले मन आपणहून बाहेर येईपर्यंत ती केवळ थांबते. हे थांबणे मोठे कठीण असते. आपल्या धर्मग्रामात कोणी आजारी पडले की शेजारी धावून येतात, रोझरी म्हणतात, जेवणाचे डबे पोहोचवितात. आजार मनाचा असला की मात्र घराची दारे आतून लागतात आणि शेजारीही दबक्या आवाजात बोलू लागतात. त्या बंद दारामागचे कुटुंब सर्वांत एकाकी असते.

१९ एप्रिल २०२१ रोजी सुमित्राताई निवर्तल्या. दि. बा. मोकाशींच्या कथेवरील त्यांचा 'दिठी' हा चित्रपट पुढच्याच महिन्यात घरोघरी पाहता आला. तरुण मुलगा गमावलेला वारकरी लोहार एका गाईची सुटका करतो. नव्या जीवास जगात येताना पाहून त्याचे दुःख नाहीसे होत नाही; परंतु त्यास पाहण्याची नवी दिठी लाभते.

एखाद्या रविवारी धर्मग्रामाच्या सभागृहात 'अस्तु' किंवा 'कासव' दाखविला जावा, अशी आमची इच्छा आहे. नंतर भाषण नको. चहा ठेवावा आणि ज्यास काही सांगावयाचे असेल, त्याचे शेवटपर्यंत ऐकून घ्यावे.