दुसऱ्या शनिवारचा पाव

बँकेत वीस वर्षे घासलेल्या माणसाला दोनच गोष्टी येतात, असा आमच्या घरात समज आहे: नोटा मोजणे आणि सुट्ट्या मोजणे. त्यामुळे दुसऱ्या शनिवारी मी कणकेच्या डब्याला हात घातला, तेव्हा सौभाग्यवतींनी आधी माझ्या कपाळाला हात लावून पाहिला.

"पाव करतोय. खजूर-अक्रोडाचा," मी म्हणालो.

"आणि यीस्ट?"

"लागत नाही."

खरे कारण आई. बाबा गेल्याला वर्ष होत आले. चार वाजता चहाबरोबर दोघे मिळून काहीतरी चघळायचे. आता नुसता चहा. ताटही महिन्यागणिक आकसत चाललेले. डॉक्टरांनी वजन पाहून भुवई उंचावली. आईला अंडे चालत नाही आणि बेकरीचा पाव तर मुळीच नाही. 'पाव पायाने मळतात' या श्रद्धेवर तिने पंचाहत्तर वर्षे काढली आहेत. अगं, हा शब्द पोर्तुगीजांचा, पायाशी त्याचा काही संबंध नाही, असे मी सांगितले. "मग तर नकोच!" ती म्हणाली. पुढे मी बोललो नाही. पुण्यात १८९० साली पंचहौद मिशनमधल्या चहापायी टिळक-रानड्यांनाही प्रायश्चित्त चुकले नाही. मी तर साधा कारकून!

मला धीर दिला तो बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड नावाच्या औषधविक्रेत्याने. बायकोला यीस्ट सोसत नव्हते म्हणून या गृहस्थाने १८४३ साली बेकिंग पावडर तयार केली. त्याच्या बायकोला यीस्ट चालेना, माझ्या आईला बेकरी चालेना. प्रकरण एकाच फायलीतले.

कृती बी.कॉम. झालेल्यालाही जमेल अशी आहे. एका भांड्यात कोरडे: दोन वाट्या कणीक, पाऊण चमचा खायचा सोडा, चिमूटभर मीठ, जायफळ. दुसऱ्यात ओले: वाटीभर दही, पाऊण वाटी गूळ, पाव वाटी तेल आणि गरम दुधात भिजवून कुस्करलेला वाटीभर खजूर. नावे आणि जमा शेवटपर्यंत वेगळे ठेवायचे. कारण सोड्याची दह्यातल्या आंबटाशी गाठ पडली, की कार्बन डायऑक्साइड लगेच सुटू लागतो. मिश्रण ओट्यावर ठेवून तुम्ही फोनवर गप्पा मारीत बसलात, तर पाव फुगवायचा वायू हवेत जातो. फार घोटायचेही नाही. कणीक आणि कर्जदार, जास्त घोळले की चिवट होतात. अक्रोडाचे तुकडे आणि मनुका कोरड्या पिठात घोळवून घालाव्या, म्हणजे एकमेकांना चिकटून घोळका करीत नाहीत.

आमच्याकडे ओव्हन नाही. जुन्या कुकरच्या तळाशी मिठाचा थर, त्यावर जाळी. झाकणाची रिंग आणि शिट्टी काढून ठेवलेली. दहा मिनिटे तापवून डबा आत ठेवायचा आणि मंद आचेवर पाऊण तास. मग मध्यभागी सुरी खुपसायची. कोरडी निघाली, की हिशोब जुळला.

हा पाव त्याच दिवशी कापू नये. रात्रभर झाकून ठेवला, तर खजुराचा ओलावा सगळीकडे पसरतो आणि चकत्या सुबक पडतात. एका रात्रीत व्याज देणारी दुसरी ठेव माझ्या तरी पाहण्यात नाही. चिरंजीवांना ही योजना मान्य नव्हती. त्यांनी रात्रीच मुदतपूर्व रक्कम काढली.

रविवारी चार वाजता बशी आईपुढे ठेवली. तिने चकती उलटसुलट करून पाहिली.

"अंडं?"

"नाही."

"पाय?"

"धुतलेले. पण वापरले नाहीत."

तिने एक घास घेतला. मग बराच वेळ काहीच नाही.

"ह्यांना आवडलं असतं हो," ती म्हणाली. चहाच्या वेळी बाबांचा विषय तिने वर्षभरात काढलाच नव्हता. दुसरी चकती उचलून मग ती सांगत सुटली: बाबा अक्रोड दाराच्या फटीत धरून कसे फोडायचे, ते दार अजून नीट का लागत नाही, असे पुष्कळ. चहा दोनदा गरम करावा लागला.

पुढच्या महिन्याच्या वाणसामानाच्या यादीत आईच्या अक्षरात एक ओळ वाढली: 'खजूर, अर्धा किलो.' पाव हा शब्द मात्र कुठेही नव्हता. तिच्या दफ्तरी त्याची नोंद 'खजुराची दशमी' अशी झाली आहे.