नाव आधी, बाळ नंतर

नात्यात किंवा मोहल्ल्यात कुणाकडे बाळ येणार असले की नावासाठी माझ्याकडे विचारणा होते. मी शाळेत उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवते, म्हणून मला नावांचे अर्थ ठाऊक असणार, असा सर्वांचा समज आहे. अलीकडे या विचारणेसोबत एक अट हमखास येते: "नाव असं सांगा, जे कुणाचंच नसेल."

हा बदल शाळेच्या जनरल रजिस्टरमध्येही दिसतो. मी नोकरीला लागले तेव्हा एका वर्गात दोन शबाना आणि तीन इम्रान सहज सापडत. आता एकासारखे दुसरे नाव नसते. पण "बेटा, तुझ्या नावाचा अर्थ काय?" असे विचारले की मूल खाली बघते. आईला विचारावे तर उत्तर मिळते, "मोबाइलवर छान वाटलं." नाव दुर्मीळ असायला माझी काहीच हरकत नाही. पण त्यामागची गोष्ट मुलाला सांगता आली पाहिजे.

अशी गोष्ट ज्यांच्यामागे आयतीच असते, ती जागांवरून ठेवलेली नावे. सफा आणि मरवा या टेकड्यांमागे हजरत हाजरा यांची पाण्यासाठीची धावपळ आहे. हिरा या गुहेत पहिली वही आली आणि पहिला आदेश वाचण्याचा होता. कौसर, तस्नीम, सलसबील, फिरदौस ही तर जन्नतमधली ठिकाणे. आपल्या शेजारच्या घरांतही गोदावरी, मथुरा, द्वारका, काशी अशी नावे पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहेत. मात्र प्रत्येक जागेचे नाव घेण्यासारखे नसते. इरम हे नाव कानाला गोड लागते, पण कुरआनमध्ये त्याचा उल्लेख अल्लाहच्या कोपाने नष्ट झालेल्या आद लोकांच्या संदर्भात येतो. यसरिब हे नाव तर प्रेषित मुहम्मद (स.) यांनी शहरासाठीसुद्धा पसंत केले नाही. त्यांनी त्या शहराला तैबा म्हटले.

यातली काही नावे मुलालाही चालतात आणि मुलीलाही. माझ्या वर्गात एका वर्षी एक कौसर मुलगा होता आणि एक कौसर मुलगी. शमीम, फिरदौस, इस्मत ही तशीच. उर्दूच्या थोर लेखिका इस्मत चुगताई आणि तुर्कस्तानचे दुसरे राष्ट्राध्यक्ष इस्मत इनोनू यांचे नाव एकच आहे. अशा नावांकडे मी आजवर गंमत म्हणून पाहत होते. त्यांची खरी गरज कुणाला पडू शकते, हे माझ्या भाचीमुळे कळले.

ती माझ्या थोरल्या भावाची मुलगी. लग्नानंतर नवऱ्यासोबत मस्कतला राहते. पहिली मुलगी चार वर्षांची आहे. दुसऱ्या वेळी बाळंतपणासाठी माहेरी आली, तेव्हा पहिल्याच संध्याकाळी माझ्याजवळ येऊन बसली.

"फुफी, मला नाव एकच पाहिजे. मुलगा झाला तरी तेच, मुलगी झाली तरी तेच. आणि बाळ यायच्या आधी ठरलं पाहिजे."

"एवढी घाई कशाला? अकीका सातव्या दिवशी असतो."

"पहिलीच्या वेळी मुलाची सात नावं तयार होती," ती म्हणाली. "मुलीचं एकही नव्हतं. अकीक्याच्या आदल्या रात्री कुणीतरी कॅलेंडरमधून शोधून काढलं. तोवर सगळे तिला नुसतं 'बच्ची' म्हणत होते. या वेळी मी तसं होऊ देणार नाही."

मी काही बोलले नाही. पोटातले बाळ मुलगा की मुलगी हे तपासायला आपल्या देशात १९९४ च्या कायद्याने बंदी आहे. ती असायलाच हवी. पण तपासणी बंद झाली म्हणून मुलाची वाट पाहणे थांबत नाही. तिच्या सासूबाईंच्या वहीत या वेळीही नावांची यादी होती आणि ती सगळी मुलांचीच होती.

नाव तिने मनात धरूनच आणले होते. हिंद.

मस्कतमध्ये तिच्या शेजारी एक ओमानी बाई राहतात, त्यांचे नाव हिंद. अरबांमध्ये हे जुने, रुळलेले नाव आहे. आपल्या महाराष्ट्रात मात्र मी आजवर एकाही विद्यार्थ्याच्या नावापुढे ते लिहिलेले नाही. भाची म्हणाली, "तिथे बाजारात, दवाखान्यात, सगळीकडे विचारतात, कुठली? मी सांगते, मिनल हिंद. हिंदहून आले. दिवसातून चार वेळा हा शब्द तोंडात येतो. तोच बाळाला द्यावा असं वाटलं."

मी शब्दकोश काढला. अरबीत हिंद म्हणजे आपला देश. सिंधू नदीवरून इराणी लोकांच्या तोंडी हा शब्द तयार झाला आणि तिथून अरबीत गेला. बाईचे नाव म्हणून मात्र अरबी कोश त्याचा अर्थ उंटांचा मोठा कळप असा देतात. हे ऐकून भावजय पोट धरून हसली. पण वाळवंटात उंटांचा कळप म्हणजे दौलत, हे सांगितल्यावर तिला ते पटले.

विरोध दोन बाजूंनी आला. सासूबाई फोनवर म्हणाल्या, "हिंद म्हणजे उहुदच्या लढाईतली ती ना? हजरत हमजा शहीद झाले तेव्हाची?" त्यांचा प्रश्न चुकीचा नव्हता. हिंद बिन्ते उत्बा यांच्याविषयी आपण लहानपणापासून तेच ऐकत आलो आहोत. पण मक्काविजयानंतर त्यांनी इस्लाम स्वीकारला, हेही तितकेच खरे. शिवाय उम्मुल मोमिनीन हजरत उम्मे सलमा (रजि.) यांचे मूळ नाव हिंद होते. उम्मुल मोमिनीन हजरत जुवैरिया (रजि.) यांचे आधीचे बर्रा हे नाव प्रेषितांनी (स.) बदलले. वाईट अर्थाची नावेही ते बदलत असत. हिंद या नावात दोष असता तर ते आपल्या घरात कसे राहिले असते?

"ते बाईचं झालं. मुलगा झाला तर?" हा त्यांचा पुढचा प्रश्न.

त्याचे उत्तरही त्याच घरात होते. हजरत खदीजा (रजि.) यांना आधीच्या पतीपासून झालेल्या मुलाचे नाव हिंद बिन अबी हाला. हजरत हसन (रजि.) यांनी आपले नाना कसे दिसत, हे याच मामूंना विचारले होते आणि त्यांनी केलेले वर्णन हदीसच्या ग्रंथांत आजही वाचायला मिळते. सासूबाई थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, "मामूंचं नाव आहे तर."

दुसरा विरोध माझ्या भावाचा होता आणि तो मला जास्त अवघड वाटला. तो म्हणाला, "वर्गात हजेरी घेतली की मुलं 'जय हिंद' ओरडतील. आणि मोठी माणसं म्हणतील, यांना देशप्रेम दाखवावं लागतं म्हणून नाव ठेवलंय. मुलाच्या गळ्यात पहिल्या दिवसापासून प्रमाणपत्र कशाला?"

यावर घरात दोन दिवस बोलणे चालले. भाची शेवटी म्हणाली, "अब्बा, मला कुणाला काही दाखवायचं नाही. तिथे उन्हाळ्यात चिंचेचं सरबत मिळतं, तमर हिंदी म्हणतात. तमर म्हणजे खजूर. आपली चिंच त्यांच्यासाठी हिंदचा खजूर. तिने कुणाला प्रमाणपत्र दाखवलं? ती इथली आहे, एवढंच."

भाऊ हसला. पुढे मीच त्याला अल-बिरूनीविषयी सांगितले, ज्याने इ.स. १०३० च्या सुमारास हिंदवर एक मोठा ग्रंथ लिहिला. चौलविषयीही सांगितले. आपल्या कोकणातल्या या बंदराला अरब प्रवासी सैमूर म्हणत आणि दहाव्या शतकात अल-मसऊदीने तिथे राहणाऱ्या मुसलमानांविषयी लिहून ठेवले आहे. ज्या किनाऱ्याला अरबांनी हजार वर्षे हिंद म्हणून ओळखले, त्या किनाऱ्यावरच्या मुलाला ते नाव देण्यात अवघडण्यासारखे काय आहे? मुले 'जय हिंद' म्हणतील, हे खरे. म्हणू देत. चिडवायला सलीम आणि संजय ही नावेही पुरतात, हे मी पंचवीस पटांच्या वर्गातही पाहिले आहे आणि साठ पटांच्याही.

नाव ठरले आणि मग मला एक गोष्ट दिसू लागली. उर्दूत प्रत्येक नाम एकतर पुल्लिंगी असते किंवा स्त्रीलिंगी. मराठीत तिसरी सोय आहे: ते बाळ. सासूबाई फोनवर विचारू लागल्या, "आमचं हिंद कसं आहे? आज हललं का?" मुलांच्या नावांची वही बहुधा कपाटातच राहिली. दोन महिने त्यांनी हे नाव तोंडात घोळवले आणि तेवढ्या काळात त्यांची त्या बाळाशी ओळख होऊन गेली.

मुलगी झाली. भावाने तिच्या कानात अजान दिली. भेटायला आलेल्या एका नातेवाईक बाईंनी सुस्कारा टाकला, "दुसरीही मुलगीच?" त्यावर सासूबाई म्हणाल्या, "हिंद म्हणा तिला. तिचं नाव आहे." त्या बाई गप्प झाल्या. कुणी काही समजावले नव्हते. बाळाला आधीच नाव होते, एवढेच झाले.

असे नाव ठेवणार असाल तर शिक्षिका म्हणून दोन गोष्टी सांगते. जन्माची नोंद २१ दिवसांच्या आत करायची असते, तेव्हाच नावही लिहून द्या. राहिले तर १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क लिहिता येते, पण ते पुढे ढकलू नका. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेशापासून पासपोर्टपर्यंत जन्मदाखलाच मुख्य आधार आहे. दुसरे म्हणजे मराठी, उर्दू आणि इंग्रजी स्पेलिंग एकदा ठरवून कागदावर लिहून ठेवा आणि दाखला हातात येताच मुलगा-मुलगीचा रकाना तपासा. आमच्या त्या दोन कौसरपैकी एकाच्या आधार कार्डात तोच रकाना चुकला होता आणि दुरुस्तीसाठी त्याच्या वडिलांना तीन वेळा रजा काढावी लागली.

नाव हिंद असो, हिरा असो की तस्नीम, ते बाळाच्या आधी घरात येऊ द्या. ज्या घरात नाव आधीच वाट पाहत असते, तिथे येणाऱ्या बाळाला मुलगा की मुलगी या प्रश्नाचे उत्तर देत दारात थांबावे लागत नाही. अल्लाह आपल्या सर्व घरांत येणाऱ्या बाळांना असे स्वागत नशीब करो. आमीन.