चंद्र छान दिसतोय ना?

एक कबुली देऊन टाकते. वय वर्षं ३४, सोमवारी सकाळी ९ला रिव्ह्यू मीटिंग, आणि मी रात्री दोन वाजेपर्यंत एका कार्टूनपायी रडत बसले होते. ‘कार्टून’ हा नवऱ्याचा शब्द. ‘अरे, अॅनिमे म्हणतात त्याला,’ हे सांगून मी थकलेय.

‘त्सुकी गा किरेई’ ही २०१७ची जपानी मालिका, १२ भागांची. टोकियोजवळच्या कावागोए गावातली शाळा. कोतारो आणि आकाने म्हणजे आपल्याकडची नववीतली पोरं. त्याला लेखक व्हायचंय, ती धावपटू. ना सुपरपॉवर, ना राक्षस, ना कुणाला असाध्य आजार! दोघं भेटतात आणि गप्प उभी राहतात. एवढंच. घरी गेल्यावर मोबाइलवर मेसेज टाइप करायचा, खोडायचा, पुन्हा टाइप करायचा. तिचा रिप्लाय आला की हा पठ्ठ्या दिव्याच्या लोंबत्या दोरीला बॉक्सिंगचे ठोसे मारतो. ती टेन्शन आलं की मऊ खेळणं कुस्करत बसते. सही ना?

नावाचा अर्थ ‘चंद्र सुंदर आहे’. त्यामागे एक दंतकथा आहे. लेखक नात्सुमे सोसेकी इंग्रजी शिकवायचे, तेव्हा म्हणे त्यांनी मुलांना सांगितलं, ‘आय लव्ह यू’चं भाषांतर ‘चंद्र सुंदर आहे’ असं करा. याला पुरावा काही नाही, पण गोष्ट टिकलीय. आमचा कोतारो चांदण्यात तिच्या शेजारी उभा राहून नेमकं हेच आठवतो, आणि ऐनवेळी थेट विचारून टाकतो. चंद्रबिंद्र राहतो बाजूला.

आणि इथेच माझी वाट लागली.

कारण मी दहावीत ब्लँक कॉल देणाऱ्यांतली. साताऱ्यात क्लासला एक मुलगा होता. संध्याकाळी घरी कुणी नसलं की मी त्याच्या लँडलाइनवर फोन लावायचे. त्याची आई ‘हॅलो, कोण बोलतंय?’ म्हणायची, की खटकन खाली. तो ‘हॅलो’ म्हणाला तर चार सेकंद उशिरा खाली. परीक्षा संपली, बाबांची बदली नागपूरला झाली, सामान ट्रकमध्ये चढलं. त्याला मी काहीही बोलले नाही. कित्येक वर्षांनी शाळेच्या गेट-टुगेदरला तो सहज म्हणाला, ‘आमच्याकडे कॉलर आयडी होता गं.’

म्हणजे त्याला माहीत होतं! आणि तोही रोज शांतपणे ‘हॅलो’ म्हणत राहिला.

आकानेच्या बाबांचीही बदली होते, चिबाला. पण ती गप्प बसत नाही, सांगते. मग कोतारो तिकडच्या हायस्कूलची प्रवेश परीक्षा देतो. आई आधी वैतागते, मग साथ देते. जीव तोडून अभ्यास करतो... आणि नापास होतो. हिंदी सिनेमात पास झाला असता. इथे ती ट्रेनने निघून जाते आणि तो पुलावरून ओरडून जे सांगायचं ते सांगतो.

शेवटच्या श्रेयनामावलीत पुढची सगळी वर्षं उलगडतात: दुरून चाललेले मेसेज, भांडणं, लग्न, बाळ. खरं सांगू? मला ते जरा जास्तच गोड वाटलं. पंधराव्या वर्षीचं प्रेम टिकलं म्हणूनच खरं, असं थोडंच असतं? अर्थात हे मी नाक पुसत म्हणतेय.

पण मी रडत होते ती साताऱ्यासाठी नाही. नवऱ्याला ऑफिसने दोन वर्षं चेन्नईला पाठवायचं ठरवलंय. महिन्यापूर्वी त्याने विचारलं, ‘जाऊ ना?’ मी म्हणाले, ‘जा की, मस्त चान्स आहे.’ आणि कुकर लावायला उठले. अठरा वर्षांनंतरही फोन खटकन खाली.

लॅपटॉप मिटला. बेडरूममध्ये गेले, त्याला हलवलं.

‘काय झालं?’

‘चंद्र छान दिसतोय.’

त्याने एक डोळा उघडून खिडकीकडे पाहिलं. जुलै महिना, बाहेर धो धो पाऊस.

‘कुठाय?’

मी पांघरूण ओढून शेजारी बसले, आणि पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली.