फाईल बंद करण्याआधी

सरकारी कचेरीत वीस वर्षे काढली की माणसाला एक सवय जडते. पत्रात काय लिहिलेय यापेक्षा काय लिहायचे टाळलेय, ते आधी दिसते. हार्वर्ड विद्यापीठाचे सप्टेंबर २०२१चे पत्र मी तसेच वाचले.

तत्कालीन अध्यक्ष लॉरेन्स बॅकाऊ यांनी त्यात कळवले, की तेल-वायू-कोळशाचे साठे शोधणाऱ्या कंपन्यांत विद्यापीठाची थेट गुंतवणूक नाही आणि पुढेही करण्याचा विचार नाही. खाजगी फंडांमार्फत अडकलेला पैसा निधीच्या दोन टक्क्यांहून कमी, तोही हळूहळू मोकळा होईल. विद्यार्थी वर्षानुवर्षे ज्या शब्दासाठी भांडले, तो 'डायव्हेस्टमेंट' हा शब्द मात्र त्यात नव्हता.

हे पत्र सहजासहजी आले नाही. २०१३ साली आधीच्या अध्यक्षा ड्र्यू फाऊस्ट यांनी ही मागणी फेटाळली होती. निधी शिक्षणासाठी आहे, राजकीय बदलाचे हत्यार नव्हे, असे त्यांचे म्हणणे. २०१४ साली सात विद्यार्थी कोर्टात गेले. तुम्हाला दावा लावण्याचा अधिकारच नाही, म्हणून पुढच्या वर्षी तो निकालात निघाला. २०१९ साली हार्वर्ड-येल फुटबॉल सामन्याच्या मध्यंतरात मुले मैदानातच बसली. मार्च २०२१मध्ये त्यांनी मॅसॅच्युसेट्सच्या अ‍ॅटर्नी जनरलकडे तक्रार केली, की धर्मादाय संस्थेचा पैसा जपून, संस्थेच्या उद्देशाला धरून गुंतवावा हा कायदा इथे पाळला जात नाही.

मला ही तक्रार सगळ्यांत आवडली. घोषणा विरून जातात; कायद्याचे कलम दाखवले की उत्तर शोधावे लागते.

काहीजण म्हणतात, एकाने शेअर विकले तर दुसरा घेईल, कंपनी थोडीच बंद पडणार? खरे आहे. पण वर्गात हवामानबदल शिकवायचा आणि तिजोरीत त्याच्याच कारणावर नफा मोजायचा, हे विद्यापीठाला शोभत नाही. वास्कोत खिडकीवरची कोळशाची भुकटी पुसणाऱ्यांना हे वेगळे समजावायला नको.

माझ्याही पगारातून म्हातारपणासाठी दरमहा पैसे कापले जातात. ते कुठे जातात, हे विचारायचा हक्क मला आहे, तसाच त्या मुलांनाही. आता त्यांनी दरवर्षी विचारत राहावे: त्या दोन टक्क्यांचे काय झाले? 'कार्यवाही चालू आहे' असा शेरा आला म्हणून फाईल बंद होत नाही, हे आम्हा कारकुनांइतके कोणाला ठाऊक?