कापलेल्याचा हिशेब

‘तुमची स्टाइल कोणती?’ असं कुणी विचारलं की मी वामन भोसल्यांचं नाव पुढे करतो. गोव्यातून मुंबईत आलेले हे संकलक. ‘मेरा गाँव मेरा देश’मधली डाकूंची धुमश्चक्री, ‘आँधी’त वर्षांनी भेटलेल्या नवरा-बायकोचं अवघडलेपण, ‘कर्ज’मधली गाणी, सगळं त्यांच्या टेबलावरून गेलं. ‘इनकार’साठी राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. हे चित्रपट एकापाठोपाठ एक पाहा, एकाच हाताचे आहेत असा संशयसुद्धा येत नाही. याहून मोठी स्टाइल मला ठाऊक नाही.

मी संकलन शिकलो ते स्टीनबेकवर, म्हणजे फिल्म संकलनाच्या यंत्र-टेबलावर. पस्तीस एमएमच्या एका फुटात १६ फ्रेम, मिनिटाला ९० फूट, हे गणित बोटांत बसलेलं होतं. कट म्हणजे खरोखरच रश प्रिंट कापायची, टेपनं जॉइंट मारायचा, उरलेला तुकडा, म्हणजे ट्रिम, नंबर घालून बिनमध्ये टांगायचा. चार फ्रेम परत हव्या झाल्या की तो ट्रिम शोधत बसा! त्यामुळे कापण्याआधी विचार व्हायचा. अ‍ॅव्हिड हे संगणकावरचं संकलन-सॉफ्टवेअर आलं आणि एका दुपारी एकाच सीनच्या पाच आवृत्त्या निघू लागल्या. सोय झाली, पण त्यातली कोणती ठेवायची हा प्रश्न काही यंत्रानं सोडवला नाही.

त्याचं उत्तर प्रत्येक कामात वेगळं असतं. विनोदी वाक्यानंतर थोडी जागा सोडावी लागते, नाहीतर थिएटरातल्या हशात पुढचं वाक्य बुडतं. मारामारीत उलट, फटका बसण्याच्या क्षणी दोन-तीन फ्रेम गाळल्या की तोच फटका जोरात लागतो. भांडणात बोलणाऱ्याचं वाक्य संपण्याआधीच मी ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर जातो, कारण घाव तिथे बसतो. टीव्हीवरची तीस सेकंदांची जाहिरात म्हणजे ७५० फ्रेम, तिथे प्रत्येक फ्रेमला भाडं भरावं लागतं. माहितीपटात तर गोष्टच टेबलावर सापडते. एका प्रकारात मुरलेली सवय दुसऱ्यात नेली की घात झालाच. मालिकेतून सिनेमात आलो, तेव्हा प्रत्येक वाक्याला क्लोजअप देण्याची खोड मोडायला मला बराच काळ लागला.

प्रेक्षकाला यातलं काही कळत नाही, आणि कळणारही नाही. त्याच्यापुढे फक्त उरलेलं असतं. एखाद्या नटाच्या मूक नजरेचं कौतुक होतं. ती नजर कधी कधी ‘अ‍ॅक्शन’ म्हणण्याआधीची असते. बिचारा नुसता सूचनेची वाट बघत उभा असतो! तो तुकडा तिथे का आला, त्याच्या जागी आधी काय होतं, हे संकलक आणि दिग्दर्शक सोडून कुणाला माहीत असणार? पुरस्कार समितीपुढेही तयार सिनेमाच जातो. म्हणून पडद्यामागे राहण्याची खंत मी कधी धरली नाही. या कामाचा निम्मा पुरावा कामातच नष्ट होतो.

नवा सहायक घेताना म्हणूनच मी त्याची शोरील बघत नाही. एक सीन, त्याचे सगळे टेक हातात देतो आणि दोन दिवसांनी एवढंच विचारतो: काय काढलंस, आणि का?