गाडी गेली, नंबर राहिला

४ जुलै २०१४, शुक्रवार. पाचव्या रोजाची रात्र. तरावीह आटोपून आम्ही मशिदीबाहेर आलो. चपला शोधल्या, त्या सापडल्या. गाडी सापडली नाही. आमच्या अम्मी नेहमी बजावायच्या की, मशिदीत जाताना चप्पल जपावी. गाडीचं त्यांनी काही सांगून ठेवलं नव्हतं.

पहिली पाच मिनिटं माणूस स्वतःवरच संशय घेतो. आपण दुसऱ्या बोळात लावली असेल, आज चालतच आलो असू, भाच्याने नेली असेल. मग गर्दी जमते. मोहल्ल्यातली पोरं चारी दिशांना पळाली, पानवाल्याने आपण काहीच पाहिलं नाही हे तीन वेळा सांगितलं, आणि एकाने तो प्रश्न विचारला. "चाचा, हँडल लॉक किये थे क्या?"

केलं नव्हतं. करता येत नव्हतं. दोन वर्षांपूर्वीच लॉक बिघडलं होतं आणि किल्ली घासून इतकी गुळगुळीत झाली होती की, कपाटाच्या किल्लीनेही आमची गाडी सुरू व्हायची. हे आम्ही घरात कौतुकाने सांगत असू. मिस्त्रीने नवा लॉकसेट बसवायचे साडेतीनशे रुपये सांगितले होते. आम्ही म्हटलं, ईदनंतर बघू. कुठली ईद ते सांगितलं नव्हतं.

या बाबतीत आमचे अब्बा आमच्यापेक्षा फार शहाणे. त्यांची चेतक होती. चेतक १९७२ साली आली, आमच्याच आकुर्डीत बनायची, आणि तरी पुणेकराला ती वर्षानुवर्षं नंबर लावून मिळायची. ज्या वस्तूसाठी माणूस एवढी वाट पाहतो, ती तो अशीतशी सोडत नाही. अब्बा रात्री गाडी लावली की, पेट्रोलचा कॉक बंद करत, प्लगची कॅप काढून खिशात टाकत आणि तीच बंडी घालून झोपत. चोराने कॅप जोडली तरी कार्बोरेटरमधलं पेट्रोल संपलं की, गाडी पुढच्या चौकात बंद पडणार असा त्यांचा हिशेब. गाडीचे कागद लोखंडी पेटीत निकाहनाम्याच्या खाली असत. त्यात चासी नंबरचा पेन्सिलीने घासून घेतलेला ठसाही होता. आम्ही त्यांना हसायचो. आमच्या काळात गाडी हप्त्यावर दुसऱ्या दिवशी मिळायला लागली आणि जपणूक गेली.

त्याच रात्री चौकीवर गेलो. हवालदार सज्जन होते. त्यांनी बसायला खुर्ची दिली.

"काका, कुठलं मॉडेल?"

"दोन हजार सहा."

"पेट्रोल किती होतं?"

"असेल लिटरभर."

"मग लांब जात नाही. फिरवायला नेली असेल पोरांनी. संपलं की टाकून देतात. चार दिवस आपल्या भागात शोधा. तोवर अर्ज देऊन ठेवा."

आम्ही अर्ज दिला. पोच मागितली नाही. मागायचं सुचलं नाही हे अर्धं खरं. चौकीवर जास्त वेळ बसू नये अशी आमच्या लोकांची एक सवय आहे, ती उरलेलं अर्धं. वास्तविक दखलपात्र गुन्ह्याची खबर मिळाली की, गुन्हा नोंदवलाच पाहिजे असा निकाल सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ललिता कुमारी प्रकरणात नोव्हेंबर २०१३ मध्येच दिला होता. फिर्यादीची प्रत फुकट मिळण्याचा हक्क तर त्याहून कितीतरी जुना. आम्हाला तेव्हा दोन्हीही माहीत नव्हतं.

चार दिवस शोधली. भाच्याच्या गाडीवर मागे बसून स्टेशन, स्वारगेट, ससूनच्या बाहेरची रांग, सगळं पालथं घातलं. काळ्या मोटारसायकली पुण्यात किती आहेत, हे आपली हरवल्याशिवाय कळत नाही. नाना पेठेतले आमचे एक जुने उस्ताद, ज्यांचं आयुष्य दुचाकीच्या स्पेअर पार्टमध्ये गेलं, त्यांनी या धंद्याची पोथी उलगडून सांगितली. चोराला भारी गाडी नको असते, खपणारी हवी असते. जी रस्त्यावर सर्वांत जास्त दिसते तीच जास्त चोरीला जाते, कारण तिचा सुटा भाग कुठेही चालतो आणि तिच्याकडे कुणी वळून पाहत नाही. हँडल लॉक म्हणाल तर एका लाथेचं काम. पुढे वायर जोडून डायरेक्ट करायची. चोरी बहुतेक अशा ठिकाणी, जिथे मालक किती वेळ परतणार नाही हे चोराला आधीच ठाऊक असतं. दवाखाना, कोर्ट, स्टेशन, सिनेमा.

"और तरावीह," उस्ताद म्हणाले. "वीस रकात में तो चोर सोलापूर रोड पकड लेता."

नेलेल्या गाडीचे रस्ते तीन. पोरांनी फिरवून टाकली तर नशीब. सोन्याच्या साखळ्या ओढणाऱ्यांनी नेली तर काम झालं की, तीही टाकून देतात, पण तोवर आपल्या नंबरावर काय काय होऊन गेलेलं असतं. तिसरा रस्ता खेड्याचा. कागद मागाहून देतो म्हणून आठ-दहा हजारांत विकायची.

चौथा रस्ता उस्तादांनी सांगितला नाही. तो आम्हाला १० जुलैला कळला.

गुरुवार होता. दुपारी दोनच्या सुमारास फरासखाना पोलीस ठाण्याला लागून असलेल्या पार्किंगमध्ये स्फोट झाला. दगडूशेठ गणपती हाकेच्या अंतरावर. काही जण जखमी झाले, कुणी दगावलं नाही. आम्ही जोहर पढून पडलो होतो. बेगमने टीव्हीचा आवाज वाढवला आणि आम्ही ते वाक्य ऐकलं. स्फोटकं एका मोटारसायकलीत ठेवली होती.

त्या घटकेला आमच्या मनात आधी जखमी आले नाहीत, हे कबूल केलं पाहिजे. आधी आली ती आमची काळी गाडी. एमएच-१२, पुढचा नंबर, आणि आरटीओच्या वहीत त्या नंबरासमोर लिहिलेलं आमचं नाव. आडनावासकट.

चोरीची नोंद कुठे होती? एका अर्जात, ज्याची पोच आमच्याकडे नव्हती. तो अर्ज टेबलाच्या खणात होता की रद्दीत, अल्लाला ठाऊक. उद्या कुणी दारात येऊन विचारलं की, गाडी तुमची, मग चोरीची फिर्याद कुठे, तर आम्ही काय दाखवणार होतो? साक्षीला पानवाला. त्याने तर काहीच पाहिलं नव्हतं.

ही भीती अवास्तव होती असं ज्याला वाटेल त्याने ते दिवस आठवावेत. महिनाभरापूर्वी, २ जूनच्या रात्री, हडपसरला नमाज पढून घरी निघालेल्या एका तरुणाला जमावाने मारून टाकलं होतं. आणि मालेगाव तर आमच्या सर्वांच्याच डोक्यात होतं. ८ सप्टेंबर २००६ ला, शबे-बरातच्या दिवशी, जुम्याच्या नमाजीनंतर तिथे स्फोट झाले, ते सायकलींवर ठेवलेल्या बॉम्बचे. पकडले गेले ते आपलेच नऊ जण. ते दोषमुक्त झाले २०१६ साली. २००८ च्या रमजानमध्ये भिक्कू चौकात पुन्हा स्फोट झाला, तो मोटारसायकलीत. त्या खटल्यात वर्षानुवर्षं वाद चालला की, गाडी कुणाची, चासीवरचा नंबर कुठला. अखेर ३१ जुलै २०२५ ला सगळे आरोपी सुटले आणि गाडीची मालकीही सिद्ध झाली नाही, असं न्यायालयाने म्हटलं. एका चासी नंबराचं वजन किती, हे अब्बांना पेन्सिल घासताना ठाऊक होतं की काय कोण जाणे.

इफ्तारला खजूर तोंडात फिरत राहिला. भाचा म्हणाला, "मामू, आत्ता चौकीवर जाऊ या." बेगम म्हणाली, "आज? आजच?" जावं तर आजच का आठवलं म्हणतील, न जावं तर लपवलं म्हणतील. या दोन वाक्यांमध्ये आम्ही ती सबंध रात्र काढली. तरावीहला गेलो नाही. आमच्या आठवणीत रमजानमधली ती पहिलीच चुकलेली तरावीह. नऊच्या सुमारास शेजारच्या जोशीकाकांनी फोन केला. "गाडीची तक्रार लेखी दिलीय ना हो?" त्यांनी काळजीनेच विचारलं होतं. आम्ही हो म्हटलं आणि फोन ठेवल्यावर हात थरथरायला लागला.

सकाळच्या पेपरात आलं. स्फोटातली गाडी साताऱ्याहून चोरलेली होती आणि ती एका पोलिसाचीच होती. आम्ही मोठ्याने अल्हम्दुलिल्लाह म्हटलं आणि लगेच शरम वाटली. साताऱ्याच्या त्या पोलिसाने ती रात्र कशी काढली असेल ते आम्हाला माहीत नाही. आमच्यासारखी काढली नसेल, एवढं मात्र वाटलं.

जुम्याच्या आधीच चौकी गाठली. तेच हवालदार होते, रात्रभर बंदोबस्त करून डोळे लाल झालेले. आमच्याकडे पाहिलं, आम्ही काही बोलायच्या आत कोरा कागद पुढे ओढला. भारतीय दंडविधान कलम ३७९. प्रत हातात आली तेव्हा आम्ही ती तिथेच दोनदा वाचली. आता ते कलम राहिलं नाही. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं ३०३ आलं, आणि खबर ऑनलाइन देऊन तीन दिवसांत सही करायचीही सोय कायद्यात झाली. सोय चांगली आहे. आमच्या वयाच्या माणसाने तरीही शिक्का मारलेला कागद घरी आणावा.

विम्याचं फार सांगण्यासारखं नाही, कारण विमा नव्हताच. म्हणजे होता, थर्ड पार्टी, आणि त्यात चोरी येत नाही. गाडी जुनी झाली म्हणून आम्हीच पाच-सहाशे रुपये वाचवले होते. ज्यांचा पूर्ण विमा असतो त्यांच्याकडे कंपनी दोन्ही किल्ल्या मागते, आरसी मागते आणि तपास लागला नाही म्हणून न्यायालयात मंजूर झालेली 'अ' समरी मागते. कंपनीला कळवायला उशीर झाला म्हणून पूर्वी सर्रास दावे फेटाळले जात. फिर्याद वेळेत असेल तर तेवढ्या कारणावरून दावा नाकारता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२० मध्ये सांगितलं. पुन्हा तेच. फिर्याद.

आणि जी गाडी आपण विकतो तिचंही असंच आहे. आपल्या मोहल्ल्यात गाडी विकताना सहीचे फॉर्म २९ आणि ३० हातात देऊन सलाम-दुआ करायची पद्धत आहे. घेणारा नाव बदलून घेत नाही. अशा गाडीने अपघात केला तर भरपाई आरटीओच्या दप्तरात ज्याचं नाव त्याच्यावर येते, हे २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने नवीन कुमार प्रकरणात स्पष्ट केलं. आमच्या एका चुलतभावाने चार हातांतून फिरलेली स्कूटर अशी नावावर ठेवली होती. त्याला आम्ही हाताला धरून आरटीओत नेला.

गाडी जानेवारी २०१५ मध्ये सापडली. नगर जिल्ह्यातल्या एका गावात. उस्तादांचा तिसरा रस्ता. एका दूधवाल्याच्या पोराने नऊ हजारांना घेतली होती. ठाण्याच्या आवारात ती उभी होती, मुद्देमालाच्या रांगेत, जिच्यातल्या निम्म्या गाड्यांना गवताने पोटात घेतलं होतं. जप्त गाड्या अशा कुजवत ठेवू नयेत, असं २००२ साली न्यायालयाने सांगून ठेवलेलं आहे. आमची तीनच आठवडे होती, म्हणून टायर शाबूत होते. पोलीस म्हणाले, मागच्या चाकाला कुलूपबंद साखळी होती. मुलाने बसवलेली.

त्याचा बाप पांढरी टोपी हातात घेऊन फाटकापाशी उभा होता. "पाव्हणं," तो म्हणाला, "दिवाळीला कागूद देतो म्हणला हुता त्यो." मुलाला साक्षीदार करायचं की आरोपी, हे अजून ठरायचं होतं. चोरीचा माल आहे हे माहीत असून घेतला, की माहीत नसताना घेतला, सगळं त्यावर. पोरगा बाकावर मान खाली घालून बसला होता. त्याच्याकडे कागद नव्हता. आम्हाला जुलैमधली आमची रात्र आठवली, पण आम्ही काही मोठं काम केलं नाही. साहेबांना एवढंच सांगितलं की, गाडी त्याने आमच्यापेक्षा चांगली ठेवली आहे, चोरीची म्हणून लपवणारा एवढी निगा राखत नाही. साहेब हसले. पुढे कोर्टातून आम्हाला गाडी ओळखायला बोलावणं आलं, तेव्हा तो साक्षीदारांच्या यादीत होता.

गाडी सुपुर्दनाम्यावर मिळाली. बाँडवर सही केली की, खटला संपेपर्यंत विकणार नाही, रंग बदलणार नाही, रूप बदलणार नाही, बोलावलं की हजर करू. सही करून बाहेर आलो तेव्हा लक्षात आलं की, पोराने मागच्या दोन्ही बाजूंना दुधाच्या किटल्यांसाठी लोखंडी हूक वेल्डिंग करून बसवले आहेत. ते कापून टाकावेत का, म्हणून वकिलांना विचारलं. ते म्हणाले, रूप बदलणार नाही असं लिहून दिलंय ना, राहू द्या.

खटला चार वर्षं चालला. आम्ही नवा लॉकसेट टाकला, चोरस्विच बसवला, त्या पोराचीच साखळी वापरली आणि मशिदीबाहेर गाडी लावताना नंबर असा लावला की, पानवाल्याला दिसलाच पाहिजे. हूक तसेच होते. रमजानमध्ये एकाला फळांची पिशवी, दुसऱ्याला बर्फाची. मोहल्ल्यातली पोरं ओरडायची, "चाचा, दूध का धंदा शुरू किये क्या?"

बेगम त्यांना सांगायची, कोर्टाची ऑर्डर आहे.