समुद्राचा पाचोळा

लातूर जिल्ह्यांतील आमच्या चाकुरास समुद्र नाहीं. तेव्हां ‘शैवल म्हणजे शेवाळ’ एवढा अर्थ सांगून आम्ही वर्गांत तीस वर्षें पुढील शब्दाकडे वळत आलों. समुद्रांतील शेवाळ प्रत्यक्ष पाहण्याचा योग गेल्या चैत्रांत मालवणास आला.

समुद्र एकदां डोळ्यांनीं पाहावा, ही आमच्या कुटुंबाची फार दिवसांची इच्छा. गुडघे चालूं देतात तोंवर जाऊन येऊं, म्हणून नातवासह निघालों. पहांटे वाळूवर उतरतों, तों लाटांच्या रेषेवर तपकिरी शेवाळाचा ओला बांध पडलेला. त्यावर माशा घोंगावत होत्या आणि कुजकट दर्प सुटला होता. कुटुंबाचा पाय घसरला व तें खालीं बसलें. आम्ही संतापून म्हणालों, “एवढ्या दूर येऊन ही घाणच पाहावयाची होती काय? चला माघारीं!”

तें मात्र बसल्या जागींच शेवाळ चाळूं लागलें. फांदीला मण्यांएवढे पोकळ फुगे होते. खालून चिमुकले जीव उड्या मारीत बाहेर पडले. नातू हरखून गेला. मग कुटुंब शांतपणें म्हणालें, “अहो, परसांतल्या लिंबाच्या पाचोळ्याला तुम्ही कधीं घाण म्हटलें नाहीं. हा समुद्राचा पाचोळाच नव्हे का?”

आम्ही निरुत्तर झालों. घरीं येऊन वाचून पाहिलें, तों तिचें म्हणणें खरें निघालें. या शेवाळास सरगॅसम म्हणतात. कोंकणच्या खडकांवर तें पावसाळ्यानंतर वाढतें, हिंवाळ्यांत भरास येतें आणि उन्हाळ्याच्या तोंडीं सुटून किनाऱ्यास लागतें. फुग्यांतील हवेमुळें तें तरंगतें. किनाऱ्यावर पडलेल्या थरांत बारीक किडे व खेंकडे पोसतात, त्यांवर पक्षी जगतात. वाळूही धरून राहते. खारटपणा धुऊन टाकल्यास त्याचें उत्तम खत होतें.

परंतु अति तेथें माती. अटलांटिक महासागरांत २०११ सालापासून हें शेवाळ बेसुमार वाढूं लागलें. २०१८ सालीं त्याचा पट्टा पश्चिम आफ्रिकेपासून मेक्सिकोच्या आखातापर्यंत सुमारें ८,८५० किलोमीटर पसरला व वजन दोन कोटी टनांवर गेलें. कॅरिबियन बेटांवर कुजणाऱ्या ढिगांतून हायड्रोजन सल्फाइड वायु सुटून लोकांस श्वासाचा त्रास होतो, कासवांच्या पिलांची वाट अडते, प्रवासी पाठ फिरवितात. यंत्रांनीं उपसावें, तर त्याबरोबर वाळूही जाते. सारांश, पाचोळा वाईट नव्हे. त्याचें प्रमाण सुटणें वाईट.

वल्कलें नेसलेल्या शकुंतलेस पाहून दुष्यंतास शेवाळानें वेढलेलें कमळ आठवतें, हें आम्ही मुलांस किती वेळां शिकविलें! तें शेवाळ सरोवरांतलें, हें समुद्रांतलें; पण दोहोंस जी नजर लागते, ती त्या पहांटे आमच्यापाशीं नव्हती, कुटुंबापाशीं होती.

माघारीं मात्र आम्ही फिरलों नाहीं. कुटुंबाचा हात धरून तो बांध ओलांडला. तिनें घोट्याएवढ्या पाण्यांत पाय बुडविले आणि बराच वेळ कांहीं बोलली नाहीं. गुडघे दुखतात का, असें विचारल्यावर म्हणाली, “आत्तां नाहीं.”